घेतलेला सूड, न घेतलेला सूड

जपानमध्ये डिसेंबर उजाडला की एक जुनी गोष्ट पुन्हा सांगितली जाते. नाटकगृहांत ती अडीचशेहून अधिक वर्षं चालू आहे, पडद्यावर शंभराहून अधिक आणि दूरचित्रवाणीवर साठ वर्षांपासून. आपल्या मेलेल्या धन्यासाठी सूड घेऊन स्वतः मरण पत्करणाऱ्या सत्तेचाळीस सामुराईंची ही गोष्ट. एनएचके या तिथल्या सार्वजनिक वाहिनीने १९६३ मध्ये वर्षभर दर रविवारी चालणाऱ्या भव्य ऐतिहासिक मालिकांची परंपरा सुरू केली आणि दुसऱ्याच वर्षी, १९६४ मध्ये, हीच कथा घेतली. त्या मालिकेचं नाव होतं ‘आको रोशी’. पुढे १९७५, १९८२ आणि १९९९ मध्ये त्याच परंपरेत हीच कथा नव्या लेखकांनी, नव्या नटांनी पुन्हा उभी केली. कुरोसावांच्या चित्रपटांमुळे जगाला माहीत झालेल्या तोशिरो मिफुने यांनी १९७१ मध्ये दुसऱ्या एका वाहिनीवर बावन्न भागांत हीच कथा केली.

शेवट ठाऊक असलेली गोष्ट लोक इतक्यांदा का पाहतात? आमच्या सुरगाण्याकडच्या माणसाला या प्रश्नाचं फारसं कोडं पडत नाही. सुरगाणा, पेठ, मोखाडा, जव्हार या डोंगराळ पट्ट्यात होळीनंतर पेरणीच्या आधीच्या दिवसांत बोहाडा होतो. टेंभ्यांच्या उजेडात, संबळाच्या तालावर मुखवटे घातलेली सोंगं एकामागून एक नाचत येतात. गणपती येतो, सारजा येते, नरसिंह येतो, रावण येतो आणि शेवटी जगदंबा महिषासुराला मारते. महिषासुर मरणार हे गावातल्या लहान पोरालाही माहीत असतं. तरी पहाटेपर्यंत कुणी उठत नाही. अनेक गावांत एखादं सोंग एकाच घराकडे पिढ्यान् पिढ्या असतं. बापाने घेतलेला मुखवटा मुलगा घेतो आणि बघणारे बापाची पावलं मुलात शोधतात. माहीत असलेली गोष्ट पुन्हा बघताना काय होणार याची कुणाला चिंता नसते. ते कसं होणार आणि या वेळी कोण करणार, यावर डोळे लागलेले असतात. जपानी प्रेक्षक दर डिसेंबरात नेमकं तेच करतो.

बोहाड्यात मात्र एक सोय असते: राक्षस हा राक्षसच असतो. माणसांच्या इतिहासात तशी सोय नसते. म्हणून आधी जपानची घटना नीट सांगतो आणि मग त्याच काळातल्या महाराष्ट्रात येतो. आपल्याकडे त्याच पंचवीस-तीस वर्षांत निष्ठा आणि सूड यांची अशी दोन प्रकरणं घडली की ती शेजारी ठेवून पाहिल्याशिवाय राहवत नाही.

एप्रिल १७०१. एदो, म्हणजे आजचं टोकियो. क्योतोहून सम्राटाचे दूत शोगुनच्या किल्ल्यात येणार होते. त्यांच्या स्वागताची जबाबदारी ज्या सरदारांवर होती त्यांत आको या छोट्या संस्थानाचा पस्तिशीतला धनी आसानो नागानोरी होता. दरबारी रीतिरिवाज शिकवणारा अधिकारी होता साठीचा किरा योशिनाका. किल्ल्यातल्या एका लांब ओसरीत आसानोने अचानक कट्यार उपसली आणि किरावर वार केला. किराच्या कपाळावर आणि पाठीवर जखम झाली, जीव वाचला. आसानोने हे का केलं, याचं खात्रीचं कारण कागदपत्रांत नाही. किराने लाच मागितली, अपमान केला, हे सगळं नाटकांनी भरलेलं आहे. शोगुनच्या किल्ल्यात शस्त्र उपसणं हा देहान्ताचा गुन्हा होता, म्हणून त्याच दिवशी आसानोला पोट चिरून मरण्याची आज्ञा झाली. संस्थान जप्त झालं. तीनशेहून अधिक चाकरमाने सामुराई एका हुकमासरशी बिनधन्याचे झाले. अशा सामुराईंना तिकडे रोनिन म्हणतात.

त्यांना सगळ्यात जास्त काय झोंबलं, हे समजून घ्यायला हवं. भांडणात दोन्ही बाजूंना सारखी शिक्षा करावी, अशी तिथे जुनी रीत होती. किराला मात्र काहीच झालं नाही. आसानोचा मुख्य कारभारी ओइशी कुरानोसुके याने आधी सनदशीर वाट धरली. धन्याच्या धाकट्या भावाला घराणं पुन्हा मिळावं म्हणून त्याने अर्ज-विनंत्या केल्या. ती आशा संपल्यावर त्याने सूड ठरवला. किराचे हेर मागावर होते, म्हणून ओइशी क्योतोत दारू आणि नाचगाण्यात बुडाल्याचं दाखवत राहिला, असं परंपरा सांगते. पावणेदोन वर्षांनी, १७०३ च्या जानेवारी अखेरीस, सत्तेचाळीस जण रात्री किराच्या वाड्यात घुसले. किरा कोळसे ठेवायच्या खोलीत लपलेला सापडला. त्याचं शीर कापून, शहर ओलांडून, त्यांनी ते सेंगाकुजी या देवळात नेलं, तिथल्या विहिरीवर धुतलं आणि आसानोच्या समाधीपुढे ठेवलं. मग ते स्वतःहून सरकारच्या स्वाधीन झाले.

इथून पुढचा भाग मला सगळ्यात मोलाचा वाटतो, कारण सूड झाल्यावर जपान विचारात पडला. वडिलांच्या किंवा थोरल्या भावाच्या खुनाचा सूड घेण्याला त्या काळी सरकारी परवानगी मिळत असे. आधी नाव नोंदवायचं आणि मग मारेकऱ्याला गाठायचं. या प्रकरणात ते बसत नव्हतं. किराने आसानोला मारलेलंच नव्हतं, उलट वार आसानोने केला होता. मग हा सूड होता की सरकारी निवाड्याविरुद्धचं बंड? ओग्यू सोराई या विद्वानाने मत दिलं की धन्यावरचं प्रेम ही त्यांची खासगी गोष्ट आहे आणि कायदा सगळ्यांचा आहे. त्यांना शिक्षा व्हावी, पण मानाने मरू द्यावं. तसंच झालं. मार्च १७०३ मध्ये सेहेचाळीस जणांनी पोट चिरून प्राण दिले. सत्तेचाळिसावा, तेरासाका किचिएमोन नावाचा हलक्या दर्जाचा शिपाई, वाचला आणि म्हातारा होऊन गेला. दुसरीकडे ‘हागाकुरे’ या ग्रंथात ज्याचे विचार आहेत त्या यामामोतो त्सुनेतोमोने वेगळाच आक्षेप घेतला. इतके दिवस वाट पाहिली आणि तेवढ्यात किरा आजारपणाने मेला असता तर? म्हणजे जपानी लोकही या सूडावर एकमताने कधी डोलले नाहीत. १७४८ मध्ये ओसाकाच्या बाहुलीनाट्यगृहात ‘कानादेहोन चुशिंगुरा’ हे नाटक आलं. ताज्या सामुराई प्रकरणांवर नाटक करायला बंदी होती, म्हणून कथा चौदाव्या शतकात नेली, नावं बदलली, आणि लोकांनी तरी सगळं ओळखलं. काबुकी रंगभूमीने ते लगेच उचललं. आजच्या मालिका त्या नाटकाच्या नाती-पणती आहेत.

आता इकडे या. किराच्या वाड्यावर हल्ला झाला त्याच थंडीत औरंगजेब सिंहगडाला वेढा घालून बसला होता. संभाजी महाराजांना जाऊन चौदा वर्षं झाली होती, राजाराम महाराजांना जाऊन तीन, आणि ताराबाई लढत होत्या. जपानमध्ये शंभर वर्षांची शांतता होती आणि सामुराई हातात तलवार बाळगणारे कारकून झाले होते. महाराष्ट्रात मात्र शांतता काय असते हे सांगू शकणारी पिढीच उरली नव्हती. निष्ठा, दगाबाजी, सूड हे शब्द इथे रोजच्या वापरातले होते.

दोन्हीकडच्या निष्ठेत मूळचा एक फरक होता आणि तो पैशाधान्याचा होता. सामुराई धन्याच्या गढीच्या गावात राहायचा आणि धन्याकडून मोजून मिळणाऱ्या तांदळावर जगायचा. धनी गेला की तांदूळ गेला, घर गेलं, ओळखही गेली. मराठा देशमुखाचं तसं नव्हतं. त्याच्याकडे वतन होतं. निजामशाही गेली, आदिलशाही गेली, मोगल आले, तरी गावावरचा त्याचा हक्क कुणीतरी मान्य करायचं आणि तो तिथेच राहायचा. त्याच्या पदरी स्वतःची माणसं, स्वतःचे घोडे. राज्य करणाऱ्याला त्याची निष्ठा हवी असेल तर ती रोज नव्याने कमवावी लागे. औरंगजेब मनसबी वाटत होता, आणि राजाराम महाराजांनाही वतनांची आश्वासनं द्यावी लागली. पुढे १७१५ च्या सुमारास रामचंद्रपंत अमात्यांच्या नावाने ओळखलं जाणारं ‘आज्ञापत्र’ लिहिलं गेलं, त्यात वतनदारांना राज्याचे छोटे छोटे भागीदारच म्हणून ओळखून सावध राहायला सांगितलं आहे. या माणसांना नुसतं फितूर म्हणून मोकळं होणं सोपं आहे. पण वतन म्हणजे त्यांच्या लेखी बापजाद्यांची हाडं पुरलेली जमीन होती, आणि तिच्यासाठी माणूस काय काय करतो ते आजही तालुक्याच्या कचेरीत दिसतं.

नाशिकजवळचा रामशेज बघा. सुरगाण्याहून दिंडोरीमार्गे नाशिकला जाताना तो बुटका डोंगर लागतो. आमच्या तालुक्यातला हातगड त्याच्यापेक्षा उंच. तरी त्या बुटक्या रामशेजने १६८२ पासून काही वर्षं मोगली फौजांना दाद दिली नाही. आत काही शे माणसं होती. लोखंडी तोफा नव्हत्या, म्हणून लाकडाच्या नळ्यांवर कातडं चढवून तोफा केल्या. मोगलांनी किल्ल्याच्या उंचीचा लाकडी दमदमा उभारला. तोही पुरला नाही, तेव्हा सोन्याचा साप हातात घेतलेला एक मांत्रिक पुढे चालवला, आणि गोफणीचा दगड लागून तो पडला. मोगलांचाच इतिहासकार खाफीखान हे सगळं तपशिलाने सांगतो. जो किल्ला बळाने पडला नाही तो शेवटी पैशाने पडला. एकाच डोंगरावर आधी निष्ठेची कमाल आणि मग तिची किंमत, दोन्ही दिसतात.

आता ती दोन प्रकरणं. दोन्हीत एक माणूस हत्तीच्या पायी दिला गेला. दोन्हीत मागे उरलेल्यांपुढे सूडाचा प्रश्न आला. एकाने सूड घेतला, दुसऱ्याने घेतला नाही.

पहिलं प्रकरण संताजी घोरपड्यांचं. १६८९ च्या फेब्रुवारीत संगमेश्वरी संभाजी महाराज पकडले गेले, त्या झटापटीत म्हाळोजी घोरपडे पडले. संताजी त्यांचा मुलगा. महाराजांचा वध झाला आणि त्यानंतर संताजीने जे केलं त्यात राज्याचा सूड आणि मुलाचा सूड वेगळे काढता येत नाहीत. औरंगजेबाच्या छावणीत घुसून बादशहाच्या तंबूचे सोन्याचे कळस कापून आणल्याची कथा याच वर्षाची. १६९५ च्या अखेरीस दोड्डेरी इथे त्याने कासिमखानाची कोंडी केली, कासिमखान तिथेच मेला. पुढच्याच महिन्यांत हिंमतखान त्याच्याशी लढताना ठार झाला. खाफीखान लिहितो की संताजीसमोर येणाऱ्याच्या नशिबी मरण, जखम किंवा कैद, यांपैकी काहीतरी असायचंच. शत्रूकडून याहून मोठी पावती कुणाला मिळाली असेल असं मला वाटत नाही.

पण संताजीची शिस्त कडक होती आणि जीभही. राजाराम महाराजांशी आणि धनाजी जाधवांशी त्याचं बिनसलं. १६९६ मध्ये तमिळ मुलुखात स्वराज्याच्या दोन सेनापतींच्या फौजा एकमेकांवर चालून गेल्या. संताजी जिंकला. धनाजीच्या बाजूने लढणारा अमृतराव निंबाळकर हाती लागला, आणि संताजीने त्याला हत्तीच्या पायी दिलं. राजाराम महाराज स्वतः पकडले गेले तेव्हा मात्र संताजी दुसऱ्या दिवशी हात बांधून त्यांच्यापुढे उभा राहिला. ज्या धन्याला आदल्या दिवशी हरवलं त्याच्यापुढेच! ही निष्ठा म्हणायची, की काय म्हणायचं? कुठल्याही जपानी नाटककाराला हा प्रवेश मिळाला असता तर त्याने त्यावर एक अख्खा अंक लिहिला असता.

अमृतराव हा म्हसवडच्या नागोजी मान्यांच्या बायकोचा भाऊ. भावाच्या मरणाने पेटलेल्या त्या बाईने नवऱ्याच्या मागे लागून सूड घ्यायला लावलं, असं सांगितलं जातं. दरम्यान संताजीच्या फौजेतली माणसं पांगत गेली आणि १६९७ च्या जूनमध्ये तो थोड्या लोकांनिशी शंभू महादेवाच्या डोंगरांत होता. ओढ्यावर आंघोळ करत असताना नागोजीने त्याला गाठलं, शीर कापलं, घोड्याला बांधलेल्या पिशवीत टाकलं आणि निघाला. वाटेत ती पिशवी पडली. ती मोगलांच्या माणसांना सापडली, डोकं ओळखलं गेलं आणि बादशहाकडे पोहोचलं. औरंगजेबाने ते दक्षिणेत ठिकठिकाणी मिरवलं. किराचं शीर ज्या वर्षी सेंगाकुजीच्या विहिरीवर धुतलं गेलं त्याच्या साडेपाच वर्षं आधीची ही गोष्ट.

दोन शिरं शेजारी ठेवली की फरक कळतो. ओइशी ते शीर धन्याच्या समाधीवर ठेवतो आणि आपल्या कृत्याची शिक्षा घ्यायला तिथेच थांबतो. त्याने मारलं ते एका माणसाला, राज्य तसंच राहिलं. नागोजीच्या सूडात घरातलं माणूस होतं, बायकोचे अश्रू होते, भावाच्या मरणाचं खरं दुःख होतं; त्याला खोटं म्हणायची माझी तयारी नाही. पण त्या एका घरचा हिशेब चुकता झाला तेव्हा स्वराज्याचा सगळ्यात मोठा लढवय्या गेला आणि मोगली छावणीत आनंद झाला. सूडाला आपल्या अंगणापलीकडचं दिसत नाही. ते दिसण्याची ताकद ज्याच्यात होती त्याचं नाव खंडो बल्लाळ.

खंडो बल्लाळाचे वडील बाळाजी आवजी हे शिवाजी महाराजांचे चिटणीस. महाराजांच्या पत्रांमागचा हात हाच. १६८१ मध्ये संभाजी महाराजांविरुद्ध कट उघडकीला आला. कट करणाऱ्यांनी औरंगजेबाचा बंडखोर मुलगा अकबर याला सामील करून घ्यायचा प्रयत्न केला होता आणि त्यानेच ते महाराजांना कळवलं. अण्णाजी दत्तो, हिरोजी फर्जंद यांच्याबरोबर बाळाजी आवजींनाही सुधागडच्या परिसरात हत्तीच्या पायी दिलं गेलं. बाळाजी निर्दोष होते, येसूबाईंनी ते पुढे महाराजांच्या ध्यानात आणून दिलं आणि महाराजांना पश्चात्ताप झाला, असं बखर सांगते. बापाला मारणाऱ्या धन्यानेच मुलाला चिटणिशी दिली.

कल्पना करा, रोज सकाळी त्या माणसापुढे लेखणी घेऊन बसायचं. मोगलांकडे जायला वाट मोकळी होती, तिकडे मान मिळाला असता, आणि सूड घेतला तर कुणी नावं ठेवली नसती. जपानी नियमाने तर मुलाला बापाचा सूड घ्यायचा परवानाच मिळाला असता. खंडो बल्लाळाने तसं काही केलं नाही. १६८३ च्या गोव्याच्या मोहिमेत खाडीच्या पाण्यात महाराजांचा घोडा वाहू लागला तेव्हा त्यांना वाचवायला उडी घालणारा खंडो बल्लाळच होता, अशी परंपरा आहे. १६८९ मध्ये राजाराम महाराज वेष पालटून जिंजीकडे निघाले, वाटेत बंगळूरला संशय आला, तेव्हा महाराज निसटावेत म्हणून मागे थांबलेल्यांत तो होता. पकडला गेला, छळ सोसला, पण तोंड उघडलं नाही.

याहून अवघड प्रसंग पुढे आला. आठेक वर्षं चाललेला जिंजीचा वेढा १६९७ च्या अखेरीस अगदी आवळला होता. महाराजांना बाहेर काढायचं तर मोगली छावणीतल्या मराठा सरदारांची मदत लागणार होती, आणि त्यांत गणोजी शिर्के होते. शिर्क्यांचं आणि संभाजी महाराजांचं वैर जुनं. गणोजी येसूबाईंचे भाऊ आणि शिवाजी महाराजांचे जावई, तरी वतनाच्या भांडणातून ते मोगलांकडे गेलेले. दोन्ही बाजूंना रक्त सांडलेलं. खंडो बल्लाळ त्यांच्याकडे बोलणी करायला गेला. गणोजींनी मदतीच्या बदल्यात दाभोळचं वतन मागितलं, आणि खंडो बल्लाळाने आपल्या नावचं ते वतन लिहून दिलं. महाराज जिंजीतून सुखरूप बाहेर पडले.

वतनासाठी भाऊ भावाला विकत होता, त्या काळात या माणसाने ते कागदावर सही करून सोडून दिलं. सूड सोडला त्यापेक्षाही मला हे मोठं वाटतं. सूड सोडताना मनाचा मोठेपणा लागतो, वतन सोडताना पुढच्या पिढ्यांचं पोट सोडावं लागतं. ओइशी आणि त्याचे साथीदार एका रात्रीसाठी जगले आणि त्या रात्रीसाठी मेले. त्यांच्या धैर्यापुढे मी मान झुकवतो. खंडो बल्लाळाला मात्र अशी एक रात्र मिळालीच नाही. त्याला जवळजवळ तीस वर्षं रोज निष्ठावान राहावं लागलं.

इथे वाचकाला विचारायचा हक्क आहे की हे सगळं आपल्याला सांगतं कोण? बरंचसं मल्हार रामराव चिटणीसांची बखर सांगते. मल्हार रामराव हे खंडो बल्लाळांचेच वंशज आणि त्यांनी साताऱ्याला एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बखर लिहिली. आपल्या पूर्वजाची बाजू त्यांनी उजळली असणार, हे गृहीत धरायला हवं. पण त्याच बखरीने दुसरंही एक काम केलं. संभाजी महाराजांचं व्यसनी, रागीट, उधळ्या राजा असं जे चित्र पुढे शे-दीडशे वर्षं शाळेच्या पुस्तकांपर्यंत पोहोचलं, त्याचा मोठा आधार ती बखर होती. वा. सी. बेंद्रे यांनी १९६० मध्ये संभाजी महाराजांचं चरित्र प्रसिद्ध केलं, परकीय आणि समकालीन कागद समोर ठेवून ते चित्र खोडून काढलं, आणि बखरकाराच्या घराण्यावर कोसळलेल्या त्या शिक्षेची सावली बखरीवर पडली आहे, हेही पुढे अभ्यासकांनी दाखवलं. खंडो बल्लाळाने जो सूड घेतला नाही, तो सव्वाशे वर्षांनी त्याच्या वंशजाच्या लेखणीतून घेतला गेला, असं मला वाटतं. तो तलवारीच्या सूडापेक्षा जास्त खोल गेला. त्याची जखम भरायला अनेक वर्षांचं संशोधन, वसंत कानेटकरांची ‘रायगडाला जेव्हा जाग येते’ आणि ‘इथे ओशाळला मृत्यू’ ही नाटकं, शिवाजी सावंतांची ‘छावा’ कादंबरी आणि मग दूरचित्रवाणी, एवढं सगळं लागलं. कानेटकर नाशिकच्या महाविद्यालयात शिकवायचे. संभाजी हा पराभूत नव्हे, समजून न घेतलेला मुलगा आहे, हे मराठी प्रेक्षकाला पहिल्यांदा रंगमंचावरून पटलं ते नाशिकला बसून लिहिलेल्या शब्दांतून.

जपानमध्येही असंच घडलं आहे. नाटकांत आणि मालिकांत किरा म्हणजे हावरट, विकृत म्हातारा. पण आजच्या आइची प्रांतात जिथे त्याची जहागीर होती, तिथल्या लोकांच्या आठवणीत किरा हा पूर अडवायला बांध घालणारा, तांबड्या घोड्यावरून शेतं पाहत फिरणारा चांगला धनी आहे. पडद्यावरच्या खलनायकाचंही एक गाव असतं. २०२५ मध्ये ‘छावा’ हा हिंदी चित्रपट आला तेव्हा शिर्के घराण्याच्या वंशजांनी आपल्या पूर्वजांच्या चित्रणावर जाहीर आक्षेप घेतला आणि दिग्दर्शकाला माफी मागावी लागली. तीनशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या वैराचं ओझं आजच्या माणसाला वाहावं लागत असेल, तर मालिका लिहिणाऱ्याने गणोजींना एक तरी प्रवेश त्यांच्या बाजूने द्यायला हवा. वतन का मागितलं, कुणी काय हिरावलं होतं, ते त्यांच्या तोंडून ऐकू यायला हवं. त्याने संभाजी महाराज लहान होत नाहीत. बोहाड्यातसुद्धा महिषासुराचं सोंग घेणारा जीव तोडून नाचला नाही, तर जगदंबेच्या सोंगाला रंग चढत नाही.

मराठीत ऐतिहासिक मालिका काही कमी झाल्या नाहीत. २००८ मध्ये ‘राजा शिवछत्रपती’ आली, २०१७ ते २०२० या काळात ‘स्वराज्यरक्षक संभाजी’ गावागावांत पाहिली गेली, पुढे ‘स्वराज्यजननी जिजामाता’ आणि ताराराणींवरची मालिका आली. डॉ. अमोल कोल्हे यांचे संभाजी महाराज पाहायला आमच्याकडच्या पाड्यांवरही लोक एका घरात जमायचे. या मालिकांनी मोठं काम केलं. त्यांचा कणा मात्र राजा असतो. सेवकांचा मृत्यू हा त्यांच्यात एक भाग असतो आणि मग कथा राजाकडे परत जाते. जपानी मालिकेत धनी पहिल्याच काही भागांत मरतो. उरलेले भाग त्याच्यामागे राहिलेल्या कारभाऱ्यांचे, शिपायांचे, त्यांच्या बायकांचे, सूडात यायला नकार देणाऱ्यांचे असतात. कुणी आजारी आईसाठी मागे राहतं, कुणी प्रेमात पडतं, कुणी घाबरतं. आपल्याकडे प्रतापराव गुजरांचे सात घोडे कुसुमाग्रजांच्या कवितेने आणि हृदयनाथ मंगेशकरांच्या चालीने अमर केले. तरी त्या प्रतापरावांसोबत गेलेल्या सहा जणांच्या घरी त्या संध्याकाळी काय झालं, ते पडद्यावर दाखवलेलं माझ्या पाहण्यात नाही.

म्हणून माझी मनापासून इच्छा आहे की खंडो बल्लाळावर एक अख्खी मालिका व्हावी. ती सुधागडाखालच्या हत्तीपासून सुरू व्हावी. संताजी, नागोजी, त्यांची पत्नी, गणोजी हे सगळे तिच्यात असावेत आणि प्रत्येकाला आपलं दुःख पूर्ण बोलून घ्यायला मिळावं. आणि शेवटचा भाग खेडचा असावा. १७०७ मध्ये औरंगजेब गेला. संभाजी महाराजांचे पुत्र शाहू मोगलांच्या कैदेतून सुटून दक्षिणेत आले. हा शाहू खरा नव्हे, तोतया आहे, असं ताराबाईंच्या बाजूने सांगितलं गेलं, आणि धनाजी जाधवांना फौज देऊन त्यांच्यावर पाठवलं. खरा कोण, खोटा कोण, हे धनाजीला पटवून द्यायला लहानपणापासून त्या घरात वावरलेला माणूस हवा होता. फौजेत खंडो बल्लाळ होता. त्याने पाहिलं, ओळखलं आणि हा संभाजीराजांचाच मुलगा आहे, अशी ग्वाही दिली. १७०७ च्या ऑक्टोबरात भीमेकाठी खेडला धनाजी शाहूंना सामील झाले, आणि १७०८ च्या जानेवारीत साताऱ्यास शाहूंचा राज्याभिषेक झाला. बाळाजी आवजींना हत्तीच्या पायी देणाऱ्या राजाचा मुलगा बाळाजींच्या मुलाच्या साक्षीने गादीवर बसला. चिटणिशी त्याच घराण्यात राहिली.